खाडीतला गाळ उपसण्याआधी: तपासणी, निर्णय आणि सफाई

कोकणात गाळ काढायचा म्हटलं की सगळ्यांना आधी पूर आठवतो. २२ जुलै २०२१ ला वाशिष्ठीचं पाणी चिपळूणच्या बाजारपेठेत आणि सावित्रीचं पाणी महाडमध्ये शिरलं. त्यानंतर दोन्हीकडे गाळ काढण्याची मोठी कामं झाली आणि ती गरजेचीच होती. मात्र पुरासाठी पात्र मोकळं करणं हे एक काम आणि गाळात साठलेलं प्रदूषण हटवणं हे दुसरं. पहिल्या कामात किती घनमीटर निघाला एवढं बघून भागतं. दुसऱ्यात त्या घनमीटरात काय आहे, कोणत्या थरात आहे आणि तो हलवला तर कुठे जाईल, हे आधी माहीत असावं लागतं.

या दोन कामांची गल्लत झाली की नुकसान होतं. आपल्या नद्या आखूड. सह्याद्रीतून निघून शे-दीडशे किलोमीटरच्या आत समुद्राला मिळतात. त्यामुळे एकाच नदीवर वर औद्योगिक वसाहत, मध्ये शहराचं सांडपाणी आणि खाली मुळे-तिसऱ्या या शिंपल्यांचे तळ, कालवं, कोलंबीची खाजणं असं सगळं जवळजवळ येतं. कुंडलिकेवर रोहा-धाटाव, सावित्रीवर महाड, दाभोळ खाडीच्या पाणलोटात लोटे-परशुराम. वरच्या गाळाला पोकलेन लागला की त्याचा परिणाम खालच्या माणसाच्या जाळ्यात दिसतो. ग्रामपंचायत, मच्छीमार सोसायटी, नगरपरिषदेचे अभियंते किंवा महाविद्यालयाचा विभाग, ज्यांना हे काम नीट करायचंय त्यांच्यासाठी पुढची माहिती आहे.

आधी उगम बंद करा

नाल्यातून रासायनिक पाणी अजून येत असेल तर गाळ उपसून काही साधत नाही. दोन-तीन पावसाळ्यांत वरचा थर पुन्हा तसाच होतो. म्हणून पहिला महिना कागद आणि पायपीट यासाठी ठेवा. नदीला मिळणारा प्रत्येक नाला, पऱ्या, गटार, सांडपाण्याचा पाइप आणि जेटी जीपीएसवर नोंदवा. कोरड्या दिवसात, पहाटे आणि सुट्टीच्या दिवशीही फेरी मारा. पाऊस नसताना वाहणारा नाला काहीतरी सांगत असतो. त्याचा सामू (पीएच), विद्युतवाहकता, रंग आणि तापमान लिहून ठेवा. हातात धरायचे मीटर यासाठी पुरतात, फक्त रोज सकाळी सामू ४ आणि ७ च्या द्रावणांवर ते जुळवून घ्या.

बंदरांचा प्रश्न निराळा. हर्णै किंवा मिरकरवाड्यासारख्या मासेमारी बंदरात होड्यांच्या बुडाच्या रंगातलं तांबं, डिझेल-ऑइल आणि मासळीचा कचरा मिळून गाळ बनतो. ट्रायब्यूटिलटिन (टिनयुक्त विषारी रसायन) असलेल्या रंगांवर २००८ पासून जगभर बंदी आहे, तरी जुन्या गाळात ते सापडू शकतं. बंदराच्या यादीत ते मुद्दाम घाला.

विष कुठे बसतं

पुळणीच्या रेतीत फारसं काही धरून राहत नाही. धातू आणि तेलकट रसायनं बारीक मातीला आणि सेंद्रिय कणांना चिकटतात. ६३ मायक्रॉनच्या चाळणीतून जाणारा भाग हा खरा वाहक. त्यामुळे प्रवाहाच्या मधोमध, जिथे हातपाटीने रेती काढतात तिथे नमुना घेतला तर नदी स्वच्छच दिसणार. बारीक गाळ बसतो तो वळणाच्या आतल्या बाजूला, पुलाच्या खांबांमागे, फेरीबोटीच्या जेटीच्या आडोशाला, खारफुटीच्या कडेला, जुव्यांच्या (खाडीतल्या बेटांच्या) मागच्या अंगाला आणि नाल्यांच्या तोंडाशी.

आणखी एक जागा विसरली जाते. गोडं पाणी खाऱ्याला भेटतं तिथे मातीचे सूक्ष्म कण एकमेकांना चिकटून खाली बसतात. हा पट्टा भरती-ओहोटीबरोबर आणि मोसमाबरोबर मागेपुढे सरकतो. वाशिष्ठीत तर कोयनेच्या वीजनिर्मितीनंतर सोडलेलं पाणी येतं, म्हणून उन्हाळ्यातही गोड्या पाण्याचा जोर दिवसागणिक बदलतो. क्षारता-मापक घेऊन होडीतून एक फेरी भरतीला आणि एक ओहोटीला करा. क्षारता जिथे झपाट्याने बदलते त्या टप्प्यात दोन-तीन जादा नमुने ठेवा.

किती नमुने, कधी

दोन किलोमीटरच्या पट्ट्यासाठी पहिल्या फेरीला एवढं पुरेसं आहे: पाच आडव्या रेषा, प्रत्येक रेषेवर दोन काठ आणि मध्य असे पंधरा पृष्ठभागाचे नमुने; संशयित जागी पाच उभे गाभे (पाइपने काढलेले गाळाचे खांब); औद्योगिक क्षेत्राच्या वरच्या अंगाला तीन पार्श्वभूमीचे, म्हणजे तुलनेसाठी स्वच्छ गाळाचे नमुने; आणि दर दहा नमुन्यांमागे एक जोड-नमुना, म्हणजे त्याच जागेचा दुसरा, वेगळ्या नावाने. जोड-नमुन्यांचे आकडे एकमेकांपासून फार दूर आले तर नमुना घेण्यात किंवा प्रयोगशाळेत कुठेतरी चुकतंय असं समजा. दोष सापडेपर्यंत बाकीच्या आकड्यांवर निर्णय घेऊ नका.

वेळ नोव्हेंबर-डिसेंबर आणि पुन्हा एप्रिल-मे. पावसाळ्यात पूर जुना थर उचलून नेतो आणि नवा आणून टाकतो, तेव्हा मधल्या नमुन्याला अर्थ राहत नाही. काठावरच्या कामासाठी उधाणाची ओहोटी चांगली, कारण तळ जास्त उघडा पडतो. होडीतून गाभा काढायचा असेल तर भांगाचे दिवस धरा, ओढ कमी असते.

जीवाची काळजी आधी. खाडीच्या चिखलात एकट्याने उतरू नये. फळी टाकून चालावं, कमरेला दोर असावा आणि त्याचं दुसरं टोक काठावरच्या माणसाकडे असावं. रबरी हातमोजे आणि गमबूट हवेतच. कोकणात लेप्टोस्पायरोसिसचा धोका खरा आहे, म्हणून पायाला जखम असलेल्याने उतरू नये आणि नंतर ताप आला तर डॉक्टरांना चिखलात काम केल्याचं आवर्जून सांगावं.

गाभा काढण्याची पद्धत

सगळ्यात जास्त चुका इथे होतात, म्हणून हे सावकाश वाचा.

६३ किंवा ७५ मिलिमीटर व्यासाचा, दीड-दोन मीटर लांब पीव्हीसी पाइप घ्या. खालची कड बाहेरून कानशीने घासून धारदार करा, आतून नाही. आतून घासली तर आत येणारा गाळ दाबला जातो. पाइप तळावर उभा टेकवून, न फिरवता, एकाच सावकाश जोराने खाली दाबा. हातोडा मारायची पाळी आली तर वर लाकडी ठोकळा ठेवा.

पाइप रुतला की दोन मापं घ्या. पाइपच्या वरच्या कडेपासून बाहेरच्या तळापर्यंत एक आणि त्याच कडेपासून आतल्या गाळापर्यंत दुसरं. आतला गाळ नेहमी थोडा खाली दबलेला असतो. समजा पाइप १०० सेंटिमीटर रुतला आणि आत गाळ ८० सेंटिमीटरच आहे, तर थर एक-पंचमांशाने आखडले आहेत. नंतर काप करताना हे प्रमाण लावावं लागतं, नाहीतर ४० सेंटिमीटरवरचं प्रदूषण ३२ वर दाखवलं जातं आणि खोदाई कमी पडते. आखडणं चौथाईपेक्षा जास्त असेल तर तो गाभा सोडून शेजारी दुसरा घ्या.

मग पाइप वरपर्यंत पाण्याने भरून रबरी बूच घट्ट बसवा. त्या पोकळीच्या ओढीनेच गाळ पाइपात टिकतो. हळूहळू वर खेचा, आणि खालचं तोंड पाण्याबाहेर येण्याआधीच हात घालून टोपी लावा. पाइप आडवा करू नका. वरचं पाणी गाळाच्या किंचित वर लहान भोक पाडून काढून टाका. उपडं केलं की वरचा मऊ थर वाहून जातो आणि आपल्याला नेमका तोच हवा असतो.

कापताना वरचे १० सेंटिमीटर ५-५ चे, मग ५० पर्यंत १०-१० चे आणि त्याखाली २०-२० चे काप करा. प्रत्येक कापाची बाहेरची चार-पाच मिलिमीटर कड काढून टाका, कारण पाइप आत जाताना वरचा गाळ भिंतीला लागून खाली ओढला जातो. ही कड नमुन्यात मिसळली की खालचा स्वच्छ थरही घाण दिसतो.

पृष्ठभागाचे नमुने व्हॅन व्हीन पकडीने घ्या. शिंपला किंवा काटकी अडकून जबडा उघडा राहिला, वरचं पाणी गढूळ झालं किंवा पकड तिरकी पडली, तर तो घास फेकून पुन्हा टाका. ठीक आला तर मधोमधचे वरचे ५ सेंटिमीटर उचला, लोखंडी भिंतीला लागलेला गाळ नको.

धातूंसाठी प्लास्टिकचा चमचा आणि प्लास्टिकची पिशवी. तेल, कीटकनाशकं, पीसीबी (ट्रान्सफॉर्मरच्या तेलात असायची ती क्लोरीनयुक्त रसायनं) यांसाठी स्टीलचा चमचा आणि टेफ्लॉनचं अस्तर असलेल्या झाकणाची काचेची बरणी. या रसायनांसाठी गाभाही पीव्हीसीऐवजी स्टील किंवा अॅल्युमिनियमच्या नळीने काढा. सगळं बर्फाच्या पेटीत ४ अंशांवर. सेंद्रिय रसायनांचं निष्कर्षण १४ दिवसांत आणि पाऱ्याची चाचणी २८ दिवसांत व्हायला हवी. बाकीच्या धातूंना सहा महिने चालतात. ज्या नमुन्याची कणरचना मोजायची तो गोठवू नका. पिशवीवर चिठ्ठी आतून आणि बाहेरून लावा. खाडीच्या ओलीत एक चिठ्ठी हमखास पुसली जाते.

वहीत वेळ, भरतीची स्थिती, खोली, क्षारता, रंग, वास, तेलाचा तवंग, जिवंत किडे-शिंपले आणि वरच्या तपकिरी थराची जाडी लिहा. काळा, सडक्या अंड्यासारखा वास येणारा चिखल म्हणजे विषारी चिखल असं बरेच जण धरून चालतात. तसं नाही. खारफुटीच्या मुळाशी प्राणवायू नसतो आणि निरोगी कांदळवनातही हाच वास येतो. उलट फिकट, बिनवासाच्या गाळातही धातू भरपूर असू शकतात.

प्रयोगशाळेला काय सांगायचं

एनएबीएलची (प्रयोगशाळांना मान्यता देणाऱ्या राष्ट्रीय मंडळाची) मान्यता असलेली प्रयोगशाळा निवडा, आणि मान्यता पाण्यापुरती आहे की गाळ-मातीसाठीही, हे आधी विचारा. मागणीपत्रात स्पष्ट लिहा: कणरचना, सेंद्रिय कार्बन, अॅल्युमिनियम आणि लोह, आर्सेनिक, कॅडमियम, क्रोमियम, तांबं, शिसं, निकेल, जस्त, पारा, संशयानुसार पीएएच (इंधन-तेलातून आणि धुरातून येणारी रसायनं), पीसीबी, कीटकनाशकं. आकडे कोरड्या वजनावर मागा. पाऱ्याचे नमुने ४० अंशांच्या वर वाळवू नयेत, तो उडून जातो.

एक प्रश्न हमखास विचारा: गाळ कोणत्या आम्लाने विरघळवणार? राजाम्लाने (नायट्रिक आणि हायड्रोक्लोरिक आम्लांच्या मिश्रणाने) खनिजाच्या आतला बराचसा भाग बाहेर येत नाही, हायड्रोफ्लोरिक आम्लाने सगळा येतो. दोन्हीचे आकडे एकमेकांशी ताडता येत नाहीत. यंदाचे नमुने एका पद्धतीने आणि पुढच्या वर्षीचे दुसऱ्या पद्धतीने तपासले तर नदी सुधारली की बिघडली हे कधीच कळणार नाही. प्रमाणित संदर्भ-नमुन्याचा निकालही अहवालात मागून घ्या.

आकडे वाचताना आपला दगड लक्षात ठेवा

गाळासाठी आपल्याकडे पाण्यासारखी ठरलेली मर्यादांची यादी नाही, म्हणून बहुतेक अहवाल अमेरिकेतल्या दोन पायऱ्यांच्या निकषांशी तुलना करतात. खालची पायरी म्हणजे इथपर्यंत जीवांना सहसा अपाय नाही, वरची म्हणजे त्यापुढे अपाय होण्याची शक्यता मोठी. खाऱ्या पाण्यातल्या गाळासाठी हे आकडे, मिलिग्रॅम प्रतिकिलोत, असे: तांबं ३४ आणि २७०, क्रोमियम ८१ आणि ३७०, निकेल २०.९ आणि ५१.६, जस्त १५० आणि ४१०, शिसं ४६.७ आणि २१८, कॅडमियम १.२ आणि ९.६, पारा ०.१५ आणि ०.७१, आर्सेनिक ८.२ आणि ७०.

हे आकडे कोकणावर जसेच्या तसे लावले तर फसगत होते. सह्याद्रीचा काळा दगड आणि त्यावरचा जांभा यांच्यात तांबं, क्रोमियम, निकेल, लोह मुळातच भरपूर. कारखान्याचा वाराही न लागलेल्या खाडीतला गाळ इथे तांब्याची आणि निकेलची खालची पायरी सहज ओलांडतो. अहवालात लाल रंगात "मर्यादेपेक्षा जास्त" दिसलं की गावात घबराट होते. दुसरीकडे कारखानदार "हे तर नैसर्गिकच" म्हणून हात झटकतात. दोघांनाही उत्तर एकच: गाळाची तुलना त्याच दगडातून आलेल्या स्वच्छ गाळाशी करा.

ती अशी. प्रत्येक धातूचा आकडा त्याच नमुन्यातल्या अॅल्युमिनियमने भागा. मग पार्श्वभूमीच्या नमुन्याचं तेच गुणोत्तर काढून पहिल्याला दुसऱ्याने भागा. समजावण्यापुरतं उदाहरण घेऊ. पार्श्वभूमीत तांबं १२० आणि अॅल्युमिनियम ८.२ टक्के, गुणोत्तर १४.६. एका जागी तांबं १३०, अॅल्युमिनियम ८, गुणोत्तर १६.३. भागाकार १.१, म्हणजे मूळ दगडाचंच तांबं. दुसऱ्या जागी तांबं ३१०, अॅल्युमिनियम ७.५, गुणोत्तर ४१.३. भागाकार २.८, म्हणजे बाहेरून भर पडली आहे. दीडपर्यंत काळजी नाही, दोनच्या पुढे शोध घ्यावा. पारा, कॅडमियम आणि शिसं या दगडात फार कमी असतात, तेव्हा ते वाढलेले दिसले तर दगडाकडे बोट दाखवता येत नाही.

पार्श्वभूमीसाठी दोन जागा चांगल्या. एक, जवळचीच पण काठावर कारखाने नसलेली, त्याच दगडाच्या प्रदेशातली छोटी खाडी. दुसरी म्हणजे तुमच्याच गाभ्याचा तळ, औद्योगिक वसाहत येण्याआधी बसलेला थर. मात्र गाभ्यात मध्येच जाड रेतीचा पट्टा असेल तर तिथे एखाद्या पुराने थर उलटेपालटे केलेत असं समजून तो गाभा पार्श्वभूमीसाठी वापरू नका.

एकूण प्रमाणापेक्षा महत्त्वाचं, जीवाला त्यातलं किती लागतं. प्राणवायू नसलेल्या चिखलात तांबं, जस्त, शिसं, कॅडमियम, निकेल गंधकाशी (सल्फाइडच्या रूपात) बांधलेले असतात. प्रयोगशाळा आम्लात सुटणारं सल्फाइड आणि त्याबरोबर सुटणारे धातू मोजते. धातू सल्फाइडपेक्षा कमी भरले तर त्यांचा अपाय संभवत नाही. या चाचणीचा नमुना बरणीत काठोकाठ भरा, हवेचा बुडबुडाही नको. जोडीला तिथल्याच तिसऱ्यांचं किंवा कालवांचं मांस तपासा. अन्न म्हणून ताटात काय येतं हे त्यातूनच कळतं.

उपसलेला गाळ आंबतो का, हे घरच्या ट्रेमध्ये बघा

माझ्या मते कोकणात ही परीक्षा सक्तीची असावी. सल्फाइडचा चिखल काठावर टाकला की हवा लागते, सल्फाइडचं गंधकाम्ल बनतं, सामू चारच्या खाली जातो आणि आतापर्यंत बांधलेले धातू पहिल्या पावसात सुटून शेतात किंवा परत खाडीत उतरतात. खारजमिनीच्या बांधावर टाकलेल्या गाळाने भात जळतं ते नेहमी मिठामुळेच असं नाही, अनेकदा आम्लामुळे.

करायचं एवढंच: प्रत्येक थराचा गाळ उथळ प्लास्टिकच्या ट्रेमध्ये एक सेंटिमीटर जाडीचा पसरा. सावलीत ठेवा. उर्ध्वपातित पाण्याने ओलसर ठेवा, पण पाणी साचू देऊ नका आणि वाळून कडकही होऊ देऊ नका. आठवड्यातून एकदा चिमूटभर गाळ पाण्यात कालवून सामू घ्या. आठ आठवड्यांत तो किमान अर्ध्या एककाने (०.५) उतरून चारवर किंवा खाली आला तर हा गाळ उघड्यावर टाकायचा नाही. अजून उतरत असेल तर सोळा आठवड्यांपर्यंत चालू ठेवा. शिंपल्यांचा चुरा असलेला गाळ बहुधा सावरतो, कारण त्यातला चुना आम्ल खातो. लवकर अंदाज हवा असेल तर प्रयोगशाळेत ३० टक्के हायड्रोजन पेरॉक्साइड घालून सामू बघतात, तीनच्या खाली गेला तर धोका. ते रसायन कातडी जाळतं आणि उसळतं, घरी करू नये.

उपाय निवडताना

चार मार्ग आहेत आणि उपसा हा त्यातला फक्त एक.

काहीही न हलवता लक्ष ठेवणं हा दुर्लक्षाचा पर्याय नाही. उगम बंद झालाय, दरवर्षी स्वच्छ गाळ वर बसतोय आणि पुरातही तो थर टिकतो असं दोन-तीन वर्षांच्या गाभ्यांतून दिसलं तर हाच मार्ग उत्तम. किडे आणि शिंपले साधारण वरचे १० सेंटिमीटर ढवळतात, तेवढं आवरण साचावं लागतं. कांदळवनातल्या प्रदूषित गाळासाठी बहुतेक वेळा हेच योग्य, कारण तिथे खोदणं म्हणजे वन मारणं.

दुसरा मार्ग, स्वच्छ रेतीचं आवरण. पातळ १५ ते ३० सेंटिमीटर, पूर्ण विलगतेसाठी ६० सेंटिमीटर ते एक मीटर. मऊ चिखलावर एकदम ओतलं की चिखल फुटून रेतीच्या वर येतो, म्हणून १० सेंटिमीटरच्या थरांनी, पाण्यात चाळल्यासारखं सोडावं. पण एका हेक्टरवर ३० सेंटिमीटर म्हणजे ३,००० घनमीटर रेती. ती दुसऱ्या नदीतून उपसायची असेल तर हा उपाय नको. जुलैच्या लोंढ्यात पात्राच्या मध्ये आवरण टिकत नाही, शांत खाचेत किंवा बंदराच्या कोपऱ्यातच त्याचा विचार करा.

तिसरा, सक्रिय कोळसा. पीसीबी, पीएएच, डीडीटीसारखी रसायनं तो धरून ठेवतो. मात्रा वरच्या १० सेंटिमीटर गाळाच्या कोरड्या वजनाच्या दोन ते पाच टक्के. हेक्टरी १,००० घनमीटर गाळ, घनमीटरला अर्धा टन कोरडा धरला तर ५०० टन. तीन टक्क्यांनी १५ टन कोळसा. तांबं-जस्तासाठी याचा फारसा उपयोग नाही.

चौथा उपसा. प्रदूषण दाट आहे, छोट्या जागेत आहे आणि पुरात वाहून खाली पसरणार आहे, तेव्हा हाच.

उपसा: आकडेमोड आणि फसगती

धरा, नाल्याच्या तोंडाशी २०० मीटर लांब, ४० मीटर रुंद पट्टा आणि प्रदूषण अर्धा मीटर खोल. म्हणजे ४,००० घनमीटर. पोकलेनचा बकेट सेंटिमीटरच्या हिशोबात चालत नाही, तेव्हा १५ सेंटिमीटर जादा खोदाई धरा: १,२००. एकूण ५,२००. त्यात वजनाने ६० टक्के पाणी असेल तर घनमीटरला १.३३ टन, म्हणजे ६,९०० टन ओला आणि सुमारे २,८०० टन कोरडा गाळ. ओला गाळ डंपरमध्ये काठोकाठ भरता येत नाही. फेरीला ८ घनमीटर धरले तरी ६५० फेऱ्या, गावाच्या अरुंद रस्त्यावरून. हा हिशोब ग्रामसभेत आधी मांडा.

हाच गाळ सक्शन पंपाने ओढला तर मिश्रणात घन भाग दहा टक्क्यांच्या आसपास राहतो. म्हणजे जवळपास २८,००० टन मिश्रण आणि त्यातलं अडीच कोटी लिटर पाणी परत खाडीत सोडण्याआधी निवळवून तपासायचं. जागा नसेल तर पंपाचा विचार सोडा. जिओट्यूबमध्ये (पाणी झिरपू देणाऱ्या मोठ्या कापडी नळीत) पॉलिमर घालून पाणी काढता येतं, पण पॉलिमरची मात्रा तुमच्याच गाळावर आणि खाडीच्या खाऱ्या पाण्यात तपासा. गोड्या पाण्यात ठरवलेली मात्रा खाऱ्यात बिघडते.

काम डिसेंबर ते एप्रिलच्या मध्यापर्यंत. प्रवाहाच्या वरच्या अंगाकडून खालच्या अंगाकडे खणत या, उलट नको. दात नसलेला, झाकणाचा बकेट वापरा आणि तो पाण्यातून सावकाश उचला. गढूळ पाणी अडवणारा गाळ-पडदा, प्रवाह सेकंदाला अर्ध्या-पाऊण मीटरपेक्षा जोरात असेल तर फाटतो किंवा आडवा होतो, म्हणून तो खाडीभर आडवा लावू नका. खोदाईच्या जागेभोवती लावा, तळापासून अर्धा मीटर वर ठेवा आणि उधाणाच्या दिवसांत काम थांबवा. कामाच्या खाली १०० मीटरवर गढूळपणा मोजत राहा. वरच्या अंगापेक्षा तो किती वाढला तर काम थांबणार, हे कंत्राटातच लिहा.

आणखी एक गोष्ट कंत्राटदार सहसा सांगत नाही. कितीही नीट खोदलं तरी शेवटच्या पट्ट्यातल्या प्रदूषकाचा साधारण दोन ते नऊ टक्के भाग तळावर परत बसतो, तोही मऊ, सहज वाहणारा. त्यासाठी स्वच्छतेचा एक उथळ हात आणि वर १५ सेंटिमीटर रेतीची तरतूद अंदाजपत्रकात पहिल्यापासून हवी.

परवानग्या आणि गाळाचा मुक्काम

भरतीचं पाणी पोचतं आणि भर उन्हाळ्यात क्षारता निदान ५ ग्रॅम प्रतिकिलो असते तिथवर सीआरझेड (किनारी नियमन क्षेत्राचे नियम) लागू होतं. कांदळवन त्यात सर्वात कडक वर्गात येतं आणि एक हजार चौरस मीटरपेक्षा मोठ्या वनाभोवती ५० मीटरची पट्टीही मोकळी ठेवावी लागते. किनारा क्षेत्र प्राधिकरण, मेरीटाइम बोर्ड, प्रदूषण नियंत्रण मंडळ, कांदळवन कक्ष आणि गौण खनिजासाठी जिल्हाधिकारी कार्यालय, सगळीकडे अर्ज एकाच वेळी टाका. गाळात रेती असेल तर ती कोणाची हा प्रश्न उठणारच, तो आधी लेखी सोडवा.

टाकण्याआधी पाझर-चाचणी, म्हणजे गाळातून किती धातू सुटून झिरपतात ते मोजणं. २०१६ च्या घातक कचरा नियमांप्रमाणे पाझरात लिटरला शिसं ५, कॅडमियम १ किंवा पारा ०.२ मिलिग्रॅमच्या पुढे गेला तर तो घातक कचरा. मग तो ताडपत्री आणि गळती-रोधक डंपरमधून, पावतीसह, अधिकृत भरावकेंद्रावरच जायला हवा. तसं केंद्र रायगडात तळोजाला आहे. त्या मर्यादेखालचा पण आंबणारा गाळ पाण्याखालीच, बंदिस्त खड्ड्यात ठेवणं किंवा चुना मिसळून भरावात वापरणं बरं. सिमेंटने घट्ट करायचं असेल तर आधी लहान नमुन्यावर ५, १० आणि १५ टक्के करून पाझर मोजा. सिमेंट जास्त झालं आणि सामू १२ कडे गेला की शिसं आणि जस्त पुन्हा सुटू लागतात.

भातशेतीत, आंब्याच्या बागेत, विहिरीजवळ किंवा खाजणाच्या बांधावर, औद्योगिक नाल्याखालचा गाळ तपासल्याशिवाय द्यायचा नाही. कितीही मागणी असली तरी.

काम झाल्यावर

यंत्र हलवण्याआधी १०-१० सेंटिमीटरचे नमुने २५ मीटरच्या जाळीवर घ्या आणि तळाची खोली कामाआधीच्या नकाशाशी ताडा. कंत्राटदाराचं शेवटचं बिल या निकालाला बांधलेलं असावं. पहिल्या पावसाळ्यानंतर नोव्हेंबरमध्ये त्याच जागी पुन्हा पृष्ठभागाचे नमुने आणि दोन गाभे, मग तीन वर्षं दरवर्षी. तिसऱ्यांचं मांस दरवर्षी एकाच महिन्यात, एकाच आकाराच्या शिंपल्यांतून तपासा. अंडी घालण्याच्या काळात त्यांचं वजन आणि चरबी बदलते आणि आकडे उगाच वरखाली होतात. नाल्याच्या तोंडाशी वरच्या ५ सेंटिमीटरमधला पार्श्वभूमीशी केलेला भागाकार पुन्हा दोनच्या वर गेला, तर पोकलेन बोलावण्याआधी त्या नाल्याने वर चालत जा.